कुणीच वापरत नसलेली फाईल

आमच्या घरी कम्प्युटर आला तेव्हा त्याला बसवायला जागा नव्हती. ओसरीत ऊन यायचं, स्वयंपाकघरात धूर, आणि देवाजवळ ठेवायला माय तयार नव्हती; कुणाकुणाचे हात लागलेली वस्तू, ती देवाच्या शेजारी कशी ठेवायची, असं तिचं म्हणणं. शेवटी तो मधल्या खोलीत, बांबूच्या विणलेल्या धानाच्या ढोलीला टेकून बसला. दादा नागपूरला एका कंपनीत कारकून होता. तिथे नवी यंत्रं आली, जुनी निघाली, त्यातलं एक त्याने मागून घेतलं आणि मॉनिटर मांडीवर घेऊन एसटीने तुमसरपर्यंत, तिथून सिहोऱ्याच्या गाडीने, असा तो फाट्यावर उतरला. बाबा बैलगाडी घेऊन गेले होते. गाडीत तणसाचा, म्हणजे धानाच्या पेंढ्याचा, जाड थर टाकून त्यावर खोकी ठेवली आणि बाबा स्वतः बैलांच्या पुढे पायी चालत आले, रस्त्यातला दगड न् दगड बाजूला करत. नवरीसुद्धा आमच्या गावात इतकं जपून आणलेली मला आठवत नाही.

माझं बी. ए. झालं होतं, तुमसरला सहा महिन्यांचा कम्प्युटरचा क्लासही झाला होता, आणि लग्न जमत नव्हतं. पाहुणे पाहायला आले की पोह्यांची बशी पुढे करताना माय सांगायची, "पोरीले कम्प्युटर येते," आणि पाहुणे मान डोलवून धानाच्या ढोलीकडे बघायचे. वीज दुपारी बारा ते चार. त्या वेळात घराचा आवाजच बदलायचा. कम्प्युटरचा पंखा घुमायचा, स्टॅबिलायझर मधूनच टक्क करायचा, ढोलीतले उंदीर थोडा वेळ गप्प बसून पुन्हा आपल्या कामाला लागायचे. मागच्या चुलीवर लाखोरीची डाळ रटरटत असायची. त्या डाळीचा वास आणि तापलेल्या प्लास्टिकचा वास एकत्र आला की मला अजूनही ती खोली आठवते. आता आमच्याकडे भंडाऱ्यात लाखोरी मुद्दाम आणावी लागते आणि तापलेल्या प्लास्टिकचा वास आला तर सगळे घाबरून स्विच बंद करतात.

दादाने यंत्रासोबत एक सीडी दिली होती. कुठल्याशा मासिकाबरोबर फुकट आलेली. तिच्यात वीस-पंचवीस प्रोग्राम होते, सगळे ट्रायलचे, म्हणजे तीस दिवसांपुरते पाहुणे. फोटो सजवायचा, शुभेच्छापत्रं करायचा, इंग्रजी शब्दांचे अर्थ सांगायचा, आणि एक नकाशे काढायचा. मी सगळेच यंत्रात घालून ठेवले. उघडला की प्रत्येक जण आधी आपले किती दिवस उरले ते सांगायचा, मग काम करू द्यायचा. नकाशावाला त्यातल्या त्यात आखडू होता. त्यात रेघा मारता यायच्या, काढलेलं साठवता यायचं, पण छापता यायचं नाही, आणि त्याने साठवलेलं दुसऱ्या कुठल्याही प्रोग्रामला वाचता येत नसे. छापायचं असेल तर विकत घ्या, असं तो दर वेळी इंग्रजीत बजावायचा. आमच्याकडे प्रिंटरच नव्हता, त्यामुळे ती धमकी मी फारशी मनावर घेतली नाही.

नकाशा काढायचं कारण बाबा. बाबा गावच्या तलावाचे पाणकर होते. मालगुजारांच्या काळापासूनचा तो तलाव, त्याचं पाणी कुठल्या शेताला कधी आणि किती सोडायचं हे पाणकर ठरवतो; आधी माझे आजोबा ठरवायचे, मग बाबा. कागद कुठलाच नव्हता. धानाच्या साठ-सत्तर बांध्या, म्हणजे बांध घातलेली शेतं, त्यांना जाणारे पाट, पाटाला कुठे कुठे तोंड फोडायचं आणि कुठलं तोंड आधी बुजवायचं, हे सगळं बाबांच्या डोक्यात होतं आणि खांद्यावर पावडा. त्या वर्षी गावात पाणी वापरणाऱ्यांची संस्था निघाली. हेमराजभाऊ अध्यक्ष झाले. ते घरी येऊन बसले, चहा घेतला आणि म्हणाले, "बुवा, पाण्याची पाळी लिहून द्या लागते आता. संस्थेत कागद पाह्यजे." बाबांना सहीपुरतं लिहिता यायचं. त्यांनी माझ्याकडे बोट दाखवलं. "माह्यी बाई लिहिते. तिच्याजवळ मशीन हाय."

मग उन्हाळ्याच्या अखेरीपासून पुढे दोन-तीन महिने, दुपारी वीज आली की बाबा उंबऱ्यावर येऊन बसायचे. पडद्याकडे ते कधी पाहायचे नाहीत. डोळे मिटायचे आणि चालायला लागायचे. म्हणजे बसल्या जागीच. "तुडुमापासून निघालो," असं सुरू व्हायचं. तुडुम म्हणजे पाळीच्या, तलावाच्या मातीच्या बांधाच्या, पोटातलं दगडी तोंड, जिथून तलावाचं पाणी पाटात येतं. तिथून ते एकेक बांधी सांगत पुढे सरकायचे आणि मी माउसने त्यांच्या मागे मागे रेघ ओढत जायची. हात थरथरला की पाट वाकडा व्हायचा, मग पुसून पुन्हा.

"डाव्या हाताले देवचंदची मोठी बांधी. लिहिली का? आता उजवीकडं वळ. थांब वं बाई, इथं चिखल हाय, पाय सरकते."

"बाबा, तुम्ही घरी बसले आहा."

"घरी बसून का होते? पाट तं तिथंच हाय ना."

मधे कुणी बोललं, माय पाणी द्यायला आली, कोंबडी आत शिरली, की त्यांचा पाय चुकायचा. मग मधूनच पुढे जाणं त्यांना जमत नसे. पुन्हा तुडुमापासून निघावं लागे. एकदा तर बेचाळिसाव्या बांधीवरून परत फिरलो, कारण शेजारची पोहे भाजायचा झारा मागायला आली. मी वैतागले होते. आज ते लिहिताना मला वैतागल्याचं बरं वाटतं. निदान तेव्हा काहीतरी वाटत होतं.

पाटाच्या अगदी शेवटी सगुणामावशीची बांधी होती. सगुणामावशी म्हणजे कुणाच्याच नात्यातली मावशी नाही, सगळ्या गावाची. नवरा लवकर गेला, मूल नाही, एकच बांधी आणि तिच्यात चिन्नोर लावायची, वासाचा तांदूळ. ती बांधी आली तेव्हा बाबांनी डोळे उघडले.

"इथंसा एक नंबर लिही."

"शेवटच्या बांधीला एक?"

"पाणी इथूनच सुरू होते. सारे तोंडं बुजवायचे, पाणी सरळ शेवटाले न्यायचं. हिची बांधी भिजली का मंग एकेक तोंड खोलत वर यायचं."

मी विचारलं, असं उलटं काहून? बाबांनी सांगितलं ते असं. तलावाची पाळ बांधली गेली तेव्हा सगुणामावशीच्या आजेसासऱ्याची सगळ्यात चांगली जमीन पाण्याखाली गेली. त्याला मोबदला म्हणून कुणी काही दिलं नाही, शब्द दिला. तुझी एक बांधी शेवटी उरली, पाणी पहिलं तिला. तेव्हापासून पाणकर तसं करतो. लिहिलेलं कुठे नाही. भरल्या तलावाच्या वर्षी कोण आधी आणि कोण मागून, काही फरक पडत नाही. पण पाऊस लवकर सरला आणि अश्विनात धान पोटरीत, म्हणजे लोंबी बाहेर पडायच्या बेतात असताना एकच पाणी द्यायचं उरलं, तर शेवटच्या बांधीपर्यंत पाणी पोचतच नाही. बाबा म्हणाले, "वरचे कुरकुर करतेत. करू द्या. मी पाटावर उभा रायतो पावडा घेऊन, मंग कोणी बोलत नाही." मी नकाशात शेवटच्या चौकोनात मोठा एक काढला आणि साठवलं.

एव्हाना तीस दिवस कधीच संपले होते. त्यावरचा उपाय मी आधी स्वतःच शोधला, यंत्राची तारीख मागे नेली. त्यामुळे आमच्या कम्प्युटरात कायम जुलै असायचा. बाबांना हे कळल्यावर फार मजा वाटली. "तुह्या मशीनमधी आषाढ सरतच नाही. असं असतं तं पाणकर कायले पाह्यजे होता?" पुढे तारखेचा उपाय पुरेना. तेव्हा तुमसरच्या क्लासचे सर म्हणाले की प्रोग्रामचं सगळं फोल्डरच नवं असताना बाजूला उतरवून ठेव, मुदत संपली की मूळ प्रोग्राम रीतसर काढून टाक आणि बाजूची प्रत आणून ठेव. तो चालतो, पण यंत्राच्या यादीत त्याचं नाव येत नाही. तसं केलं, आणि चाललं. फक्त एक गोष्ट सरांनी सांगितली ती मी नीट ऐकली नाही. हे प्रोग्राम आपलं सगळं सामान स्वतःच्या फोल्डरात ठेवत नाहीत. काही फाईली सामायिक असतात, लायब्ररी म्हणतात त्यांना. त्या यंत्राच्या एका ठरलेल्या जागी असतात आणि चार-पाच प्रोग्राम त्याच वापरतात. आमच्या गावात लग्नाची मोठी भांडी समाजमंदिरात असतात आणि ज्याच्या घरी कार्य तो नेतो, तसंच. कोण कोण वापरतं याची नोंद यंत्र ठेवतं. पण ज्याचं नाव यादीत नाही, तो वापरतो हे त्याला कसं कळणार?

अश्विन लागला आणि बाबांना ताप आला. पहिल्या दिवशी ते तलावाच्या पाळीवर जाऊन आले, दुसऱ्या दिवशी उठले नाहीत, तिसऱ्या दिवशी आम्ही त्यांना तुमसरला नेलं आणि चौथ्या दिवशी परत आणलं. इतकंच. मी या प्रकरणात त्यांच्या मरणाबद्दल बरंच लिहायचं ठरवलं होतं, पण लिहायला गेलं तर एवढंच आठवतं. दादा आला, मोठे काका आले, ओसरीत सतरंज्या पडल्या. बाया गळ्यात पडून रडत होत्या आणि मी त्यांच्या पाठीवरून हात फिरवत होते, जणू त्यांचंच कुणी गेलं होतं. मला काही वाटत नव्हतं. दुःखाने बधिर झाले वगैरे म्हणतात तसं नव्हे. ते म्हणायला तरी आत काही लागतं. लाखोरीची डाळ आणि भात ताटात यायचा, मी जेवायची, आणि एकदा माय मीठ घालायचं विसरली म्हणून सगळ्यांनी हात थांबवला तेव्हा मी अर्धं ताट संपवलेलं होतं. आत्या माझ्यासमोरच मायला म्हणाली, "पोरगी रडली नाही वं. हे बरं नाही." मायने माझ्या ताटात अजून भात वाढला.

तेरवी झाली, पाहुणे गेले, दादा नागपूरला गेला. दिवाळी पंधरा दिवसांवर होती. त्या वर्षी आमच्याकडे सण नव्हता. पण माय म्हणाली, सण नाही तं नाही, घर झाडा लागते. झाडलं. भिंती सारवल्या, ढोली रिकामी करून उन्हात ठेवली, उंदरांची बिळं बुजवली, माळ्यावरचं सगळं खाली काढलं. मायचा एकच प्रश्न असायचा. एखादी वस्तू वर धरून ती विचारायची, "हे कोणी वापरते का?" कोणी वापरत नसेल तर ती अंगणातल्या ढिगात. तुटका कंदील, एका पायाचा पाट, बाबांची फाटकी छत्री. छत्रीच्या वेळी ती जरा थांबली आणि मग तीही टाकली. मीही झाडत होते, कारण हात थांबले की काय करायचं ते कळत नव्हतं. दुपारी वीज आली, मी कम्प्युटरवरची धूळ पुसली आणि वाटलं, आतूनही झाडून घ्यावं. मुदत संपलेले ते सगळे पाहुणे तसेच पडून होते. एकेकाला काढायला लागले.

शुभेच्छापत्रांचा प्रोग्राम निघताना पडद्यावर एक चौकट आली. इंग्रजीत होती, पण अर्थ इतका सरळ की आजही शब्दाला शब्द सांगता येईल. खालील सामायिक फाईल आता कुठलाही प्रोग्राम वापरत नाही असं दिसतं. काढून टाकली आणि कुणी वापरत असेल, तर तो प्रोग्राम चालणार नाही. काढायची का? ठेवली तर काही नुकसान नाही, असंही त्याने बिचाऱ्याने खाली लिहिलं होतं. हो, सगळ्यांना हो, नाही. मी ते वाचलं. घाईत नव्हते, कुणी हाक मारली नव्हती. कोणी वापरते का, असा प्रश्न सकाळपासून चाळीसदा ऐकला होता आणि चाळीसदा एकच उत्तर दिलं होतं. मी 'सगळ्यांना हो' दाबलं. पट्टी भरत गेली, संपली. मग मी केरसुणी घेऊन ओसरी झाडायला गेले.

चार दिवसांनी हेमराजभाऊंचा निरोप आला की उद्या सभा आहे, पाणी सोडायचं आहे, बुवांनी केलेलं घेऊन ये. मी नकाशा उघडायला गेले. प्रोग्रामने सांगितलं की त्याला लागणारी अमुक फाईल सापडत नाही, आणि तो मिटला. पुन्हा उघडला, पुन्हा तेच. मला घाम वगैरे फुटला नाही. मी फाईलचं नाव एका कागदावर उतरवलं आणि सीडी शोधू लागले, कारण सीडीत ती असणारच. सीडी खोक्यात नव्हती. मायला विचारलं. ती म्हणाली, "ते चमकणारी? ते तं बाबानं पाखरं भेडवाले बांधीत टांगली." पाखरांना चमक चालत नाही म्हणून तेव्हा गावात जो तो जुन्या सीड्या धानावर टांगत असे, आमच्या घरी एकच होती, बाबांनी तीच टांगली. माझं काम झालं असं त्यांना वाटलं असेल. मी शेतावर गेले. बांबूच्या काठीला सुतळीने बांधलेली ती सीडी वाऱ्यावर गरगरत होती, खरोखरच एकही पाखरू जवळ नव्हतं. घरी आणून पदराने पुसून यंत्रात घातली. यंत्राने खूप वेळ घरघर केली आणि ती बाहेर काढली. तीनदा घातली, तीनदा बाहेर आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ग्रामपंचायतीच्या वरांड्यात सभा बसली. पंचवीस-तीस माणसं, बाया पायऱ्यांवर. तलाव अर्ध्याहून खाली होता आणि धान पोटरीत होतं. सगळ्यांना पाणी त्याच आठवड्यात पाहिजे होतं.

"बाई, तुह्या बाबानं मशीनमधी सारं लिहून ठेवलं, असं ते खुद्द मले बोल्ले," हेमराजभाऊ म्हणाले. "आणलं का?"

"उघडत नाही, भाऊ. त्यातली एक फाईल गेली."

"गेली म्हणजे कुठी गेली?"

कुणीतरी मागे हसलं. तेव्हा पायरीवरून सगुणामावशी उठली. तिला सभेत बोलायची सवय नव्हती, पदर डोक्यावर ओढून, कुणाकडेच न बघता ती म्हणाली, "बुवा शेवटून पाणी देत. पयले माही बांधी, मंग वर. साऱ्याईले मालूम हाय."

वरच्या बांध्यांचे मालक एकमेकांकडे बघू लागले. देवचंदजी म्हणाले, "बुवा आपल्या मर्जीनं देत होते. तसा काही नेम नव्हता." आणखी दोघांनी मान हलवली. त्यांच्याकडे पाहून तिसरा म्हणाला की त्याला काही आठवत नाही.

हेमराजभाऊ वाईट माणूस नव्हते. ते वैतागले होते. "बुवा होते तवा बुवाचा शब्द चाले. आता मले कागद पाह्यजे. कागद नाही तं कोणी सांगणारा पाह्यजे." मग ते माझ्याकडे वळले. "बाई, लिवली तूच ना? तुले तं मालूम असंन. शेवटून होतं का वरून?"

सगळे माझ्याकडे बघत होते. मला माहीत होतं. बाकीच्या साठ बांध्यांची पाळी मी निम्मीसुद्धा सांगू शकले नसते, पण शेवटच्या चौकोनातला तो एक मला डोळ्यासमोर दिसत होता. का बोलले नाही याची कारणं मी नंतर अनेक वर्षं जमवली. बोलले असते तर बाकीची पाळी विचारली असती, मग ती कशी गेली ते विचारलं असतं, मग मला सांगावं लागलं असतं की बापाचं तीन महिन्यांचं बोलणं मी केरात काढलं. लग्नाची मुलगी, भरल्या सभेत, देवचंदजींना खोटं पाडणार. ही सगळी कारणं खरी आहेत. पण त्या क्षणी त्यातलं एकही मनात नव्हतं. त्या क्षणी मला फक्त घरी जायचं होतं.

"मले याद नाही," मी म्हणाले.

सगुणामावशी खाली बसली. तुडुमाजवळच्या बांधीपासून क्रमाने खाली, अशी पाळी ठरली, आणि गावात कम्प्युटर एकच असल्यामुळे ती यादी टाइप करायचं काम माझ्याकडे आलं. लिहायचा साधा प्रोग्राम व्यवस्थित चालत होता. दुपारी वीज आल्यावर मी बसले आणि एक नंबरपासून शेवटपर्यंत सगळी नावं टाइप केली. शेवटी सगुणामावशीचं. चूक न करता एका बैठकीत झालं. तुमसरहून छापून आणली, ती संस्थेच्या फळ्यावर लागली. पाणी सुटलं त्या आठवड्यात मी पाटाकडे गेले नाही. नंतर कळलं की पाणी शेवटून चौथ्या बांधीपर्यंत गेलं आणि तुडुम कोरडं पडलं.

पुढे कधीतरी दादा गावी आला तेव्हा त्याने कुठून तरी तो प्रोग्राम पुन्हा मिळवला होता. पण तो नव्या आवृत्तीचा होता, त्याने यंत्रातल्या जुन्या प्रतीच्या खुणा पाहून मुदत संपली असं सांगितलं आणि दार लावून घेतलं. काही वर्षांनी ते यंत्र भंगारात गेलं. परवा दादाचा मुलगा म्हणाला, "आत्या, तसली फाईल आता नेटवर दोन मिनिटांत मिळते. जुनी डिस्क असंल तर दे, मी उघडून दाखवतो." त्याला वाटलं मला आनंद होईल. डिस्क नाही हे ऐकून त्यालाच जास्त वाईट वाटलं. मी त्याला सांगितलं नाही की त्या फाईलमुळे काही अडलं नव्हतं. जे सांगायला हवं होतं ते मला सभेत माहीतच होतं.

धान कापून झालं, मळणी झाली. पाणकराला दर घरून मळणीनंतर सूपभर धान देतात; पाणकराचं म्हणून वेगळं काढतात आणि आणून घालतात. त्या वर्षी पाणकर राहिला नव्हता, संस्था होती, त्यामुळे कुणी आलं नाही आणि आम्हीही वाट पाहिली नाही. पौषातल्या एका सकाळी मी चुलीपाशी होते, माय मागच्या अंगणात. सगुणामावशी आली ती थेट स्वयंपाकघराच्या दारात, काखेला सूप. सुपात चिन्नोरचं धान होतं. दिसायला धान, पण रंगावरूनच कळत होतं की निम्म्याच्या वर पोचट आहे.

मायने हात पुसत येऊन पाहिलं. "कायले आणलं वं? आता बुवा कुठी हायेत?"

"बुवाचंच हाय. दरसाल देत होती, औंदा काहून खाडा करू?"

मायने मोठी परात आणली आणि मावशीने सूप त्यात उलटं केलं. धान पडल्याचा आवाज हलका आला, तो तिघींनी ऐकला. माय परात घेऊन अंगणात गेली. मावशी मात्र गेली नाही. ती माझ्यासमोर उकिडवी बसली आणि चुलीतल्या लाकडांकडे बघत राहिली.

"बाई, एक इचारू? खरं सांगजो."

"इचार."

"त्या दिवशी तुले याद होतं ना?"

मी म्हणाले, "हो."

मला वाटलं आता ती बोलेल, शिव्या देईल, निदान रडेल. तिचा चेहरा सैल पडला, उन्हातून येऊन सावलीत टेकल्यावर पडतो तसा.

"मंग बरं झालं," ती म्हणाली. "मले वाटलं मीच येडी झाली. साऱ्याईनं नाही म्हटलं तं वाटून राहिलं होतं, का बाप्पा, हे आपल्या मनचंच असंन. बुवानं कधी देल्लंच नसंन पाणी."

ती गुडघ्यावर हात ठेवून उठली, रिकामं सूप उलटं करून झटकलं आणि मागच्या दाराने मायला सांगून निघाली. अंगणात माय ते धान पाखडत होती आणि फोलपट वाऱ्यावर कुंपणापर्यंत उडत होतं. मला कळत होतं काय करायचं. हेमराजभाऊंचं घर त्याच गल्लीत दहा घरं पुढे होतं आणि ते सकाळचे ओसरीतच बसलेले असायचे. मला तिथे जाऊन तेच एक 'हो' म्हणायचं होतं, पुढच्या वर्षीच्या पाण्याला अजून नऊ महिने होते. मी उठले, उंबऱ्यापर्यंत गेले, आणि चूल विझत होती म्हणून आत आले.